चॉकलेट व साखरमिठाई : भारतातील आयात

कोको बियांपासून बनविलेले चॉकलेट व त्याचे पदार्थ, तसेच साखर, ग्लुकोज पाक, दूध व सुगंधी द्रव्ये यांपासून तयार केलेल्या टॉफी, गोळ्या, लॉझेंजेस, चघळण्याचा गम इ. वस्तूंचा परदेशांतून भारतात होणारा पुरवठा. जकातीच्या वर्गीकरणात यांतील साखरमिठाई सतराव्या प्रकरणात (शीर्षक १७.०४) आणि चॉकलेट अठराव्या प्रकरणात (शीर्षक १८.०६) येते. मराठी बोलीत मात्र हा भेद फारसा पाळला जात नाही. लिमलेटच्या किंवा पेपरमिंटच्या गोळीत कोकोचा अंशही नसला, तरी कागदात गुंडाळलेल्या प्रत्येक गोड गोळीस लहान मुले ‘चॉकलेट’ असेच म्हणतात. या आयातीचा इतिहास पाहताना हा भेद ध्यानात ठेवणे आवश्यक आहे. कारण साखरेच्या गोळ्यांच्या बाबतीत भारत स्वातंत्र्यापूर्वीच बऱ्याच अंशी स्वावलंबी झाला होता, तर चॉकलेटच्या बाबतीत तयार माल आणि कच्चा माल या दोन्हींसाठी त्याला दीर्घकाळ परदेशांकडे पाहावे लागले. तयार मालाची आयात बंद झाली, तरी कोकोची आयात चालू राहते आणि कित्येकदा त्यामुळेच वाढते, असे या व्यापाराचे एक वैशिष्ट्य आढळते.

ब्रिटिश अंमलात ही आयात प्रामुख्याने ग्रेट ब्रिटनमधून होई. फ्राय, कॅडबरी, राउनट्री इ. कारखान्यांचा माल मुंबई, कलकत्ता व मद्रास या बंदरांत उतरे आणि तेथून लष्करी छावण्या, रेल्वे वसाहती व थंड हवेची ठिकाणे येथील दुकानांत जाई. मुंबईत आर्मी अँड नेव्ही स्टोअर्ससारख्या युरोपीय भांडारांत तो मिळे. त्याचे ग्राहक युरोपीय अधिकारी, संस्थानिक आणि शहरांतील सधन पारशी, ख्रिस्ती व इतर कुटुंबे एवढेच होते. किंमत हे त्याचे एक कारण. पण त्याहून मोठी अडचण हवामानाची होती. चॉकलेटला आकार व कडकपणा देणारे कोको लोणी सु. ३४° से. तापमानास वितळते. मुंबईत उन्हाळ्यात तापमान याच्या आसपास असते आणि दख्खनच्या पठारावर ते ४०° से.च्या वर जाते. एकदा वितळून पुन्हा थिजलेल्या चॉकलेटवर स्निग्ध पदार्थाचा पांढुरका थर येतो. ते खाण्यास अपायकारक नसले, तरी गिऱ्हाईक त्यास बुरशी समजून नाकारते. म्हणून कोको भुकटी, बंद डब्यांतील टॉफी व उकळून केलेल्या कडक गोळ्या यांचीच आवक सोयीची होती, आणि वडीच्या रूपातील चॉकलेट ही बव्हंशी हिवाळ्यात विकावयाची चीज ठरली.

गोळ्यांच्या बाबतीत पारडे फिरले ते साखरेमुळे. पहिल्या महायुद्धानंतर सरकारी उत्पन्नासाठी आयात करांचे दर वाढविण्यात आले. १९२१ मध्ये सर्वसाधारण दर ११ टक्के झाला व १९२२ मध्ये १५ टक्के. चैनीच्या वस्तूंवर तर तो त्या वर्षी ३० टक्क्यांपर्यंत नेण्यात आला. पुढे १९३२ मध्ये साखर उद्योगास संरक्षण देणारा कायदा झाला आणि अल्पावधीत साखर कारखान्यांची संख्या कितीतरी पटींनी वाढली. परदेशी, विशेषतः जावाच्या, साखरेची आयात त्यामुळे जवळजवळ थांबली. स्वस्त देशी साखर, स्वदेशीची चळवळ आणि आयात मालावरील कर या तिहेरी अनुकूलतेत भारतीय गोळ्या-बिस्किटांचे कारखाने उभे राहिले. मुंबईजवळ विलेपार्ले येथे १९२९ मध्ये सुरू झालेल्या पार्ले कंपनीने आरंभी गोळ्यांचेच उत्पादन केले. तिची बिस्किटे दहा वर्षांनी आली. नासिक जिल्ह्यातील मालेगाव तालुक्यात वालचंद हिराचंद यांनी १९३३ मध्ये रावळगाव येथे साखर कारखाना काढला आणि १९४२ पासून तेथे गोळ्या बनू लागल्या. महाराष्ट्रात ‘रावळगाव’ हे गावाचे नाव गोळीचे नाव म्हणूनच अधिक परिचित झाले. पुण्यातील साठे बिस्किट अँड चॉकलेट कंपनीने चॉकलेटच्या क्षेत्रातही प्रवेश केला. दक्षिणेत पॅरी कंपनीची मिठाई नेल्लिकुप्पम येथे तयार होत असे. १९३२ च्या ओटावा कराराने ब्रिटिश मालास जकातीत सवलत मिळाली खरी. परंतु बरणीतून सुटी विकल्या जाणाऱ्या देशी गोळीशी किमतीत स्पर्धा करणे विलायती डब्याला शक्य नव्हते.

दुसऱ्या महायुद्धात १९४० पासून आयात नियंत्रणे आली. त्याच सुमारास ब्रिटनमध्येही मिठाईचे शिधावाटप सुरू झाल्याने निर्यातीस माल उरला नाही. युद्धकाळातील ही नियंत्रणे तात्पुरती समजली जात होती. प्रत्यक्षात आयात व निर्यात (नियंत्रण) अधिनियम, १९४७ अन्वये ती कायम झाली आणि या ना त्या रूपात अर्धशतकाहून अधिक काळ टिकली.

स्वातंत्र्योत्तर काळाच्या आरंभी आयातीचे दार अगदीच बंद नव्हते. जुलै १९४८ मध्ये मुंबईत नोंदविलेल्या कॅडबरी-फ्राय (इंडिया) या कंपनीने आपला व्यवसाय सुरू केला, तोच मुळी इंग्लंडहून माल आणून त्याची येथे वेष्टने बांधून विकण्याचा. परंतु १९५६-५७ मध्ये दुसऱ्या पंचवार्षिक योजनेच्या प्रारंभीच परकीय चलनाची तीव्र टंचाई निर्माण झाली आणि उपभोग्य वस्तूंच्या आयातीवर कडक निर्बंध आले. यंत्रे, पोलाद, खते व धान्य यांसाठी जे चलन पुरत नव्हते, ते चॉकलेटसाठी देण्याचा प्रश्नच नव्हता. यानंतर विदेशी चॉकलेट कायदेशीर व्यापारी मार्गाने भारतात येणे जवळजवळ थांबले. ज्या कंपन्यांना ही बाजारपेठ हवी होती, त्यांना येथेच कारखाने काढावे लागले. कॅडबरीचा ठाणे येथील कारखाना १९६६ मध्ये सुरू झाला. पुढे तळेगावजवळ इंदुरी येथेही उत्पादन होऊ लागले. भारतीय उन्हाळ्यास टिकतील अशा वस्तूंवर, म्हणजे साखरेचे कवच असलेल्या गोळ्या, टॉफीत दडविलेले चॉकलेट इत्यादींवर, भर देण्यात आला. १९७३ च्या परकीय चलन विनियमन अधिनियमान्वये विदेशी भांडवलाचा हिस्सा ४० टक्क्यांवर आणावा लागल्यानंतर या कंपनीने काही वर्षे ‘हिंदुस्थान कोको प्रॉडक्ट्स’ हे नावही धारण केले होते. गुजरातमधील सहकारी दुग्धसंस्थांनी त्याच दशकात ‘अमूल’ चॉकलेट बाजारात आणले.

कोकोची लागवड : तयार चॉकलेटची आयात थांबविल्याने चलनाचा प्रश्न सुटला नाही, तो एक पायरी मागे सरकला. देशात चॉकलेट बनवावयाचे, तर कोको बिया आफ्रिकेतून आणणे भाग होते आणि त्यासाठी परवाना व डॉलर किंवा पौंड लागतच. म्हणून भारतातच कोको पिकविण्याचे प्रयत्न झाले. या झाडाची ओळख भारताला नवी नव्हती. ईस्ट इंडिया कंपनीच्या काळात, १७९८ मध्ये, तिरुनेलवेली भागातील कुत्रालम येथे त्याची लागवड करण्यात आली होती; पण तिला व्यापारी महत्त्व कधीच आले नाही. १९६० नंतर केरळमध्ये प्रथम क्रिओलो जातीची रोपे वाटण्यात आली. तिचे बी उत्तम, पण उत्पन्न कमी; म्हणून लवकरच अधिक पीक देणाऱ्या फोरास्टेरो जातीकडे वळण्यात आले. कॅडबरी कंपनीने १९६५ च्या सुमारास वायनाड भागात चुंडेल येथे प्रात्यक्षिक मळा काढला व शेतकऱ्यांना रोपे आणि सल्ला देण्यास सुरुवात केली. नारळाच्या व सुपारीच्या बागांत सावलीत येणारे हे आंतरपीक असल्याने त्यासाठी वेगळी जमीन लागत नाही. केरळ व दक्षिण कर्नाटक येथील लहान बागायतदारास ते सोयीचे वाटले. १९७७ मध्ये जागतिक बाजारात कोकोचे भाव उच्चांकास पोहोचले, तेव्हा तर लागवडीची लाटच आली.

कोकोची फळे फोडून काढलेले ओले बी लगेच आंबवावे लागते. ते घरात साठवून भाव चढण्याची वाट पाहता येत नाही. खरेदीदार मोजकेच, माल नाशवंत आणि झाडे नुकतीच फळावर आलेली, अशा स्थितीत १९८० च्या सुमारास जागतिक भाव कोसळले आणि खरेदी आखडली. अनेक शेतकऱ्यांनी फळे झाडावरच सोडून दिली आणि नंतर झाडे तोडली. आयातीस पर्याय म्हणून ज्या पिकाचा पुरस्कार झाला, त्याच्या भावाला मात्र जागतिक बाजाराच्या चढउतारांपासून कोणतेही संरक्षण नव्हते. या प्रसंगी केरळ व कर्नाटक या राज्यांच्या शासनांच्या सूचनेवरून सुपारी उत्पादकांची ‘कॅम्पको’ ही सहकारी संस्था कोकोच्या खरेदीत उतरली. वारणाशी सुब्राय भट यांच्या पुढाकाराने १९७३ मध्ये मंगळूर येथे स्थापन झालेल्या या संस्थेला साठलेल्या बियांचा उठाव करणेही कठीण जाऊ लागले, तेव्हा तिने स्वतःच चॉकलेट बनविण्याचा निर्णय घेतला. दक्षिण कन्नड जिल्ह्यातील पुत्तूर येथील तिच्या कारखान्याचे उद्‌घाटन १९८६ मध्ये राष्ट्रपती झैलसिंग यांच्या हस्ते झाले. पुढे नेस्ले या स्विस कंपनीसाठीही तेथे उत्पादन करण्यात आले. सुपारीवाल्यांच्या संस्थेने चॉकलेटचा कारखाना काढणे ही घटना विलक्षण वाटली, तरी शेतकऱ्याच्या दृष्टीने ती अपरिहार्य होती.

अनधिकृत व सामानातील आयात : व्यापारी आयात बंद असताना विदेशी चॉकलेट भारतात अजिबात मिळत नव्हते, असे मात्र नाही. १९६१ पर्यंत पोर्तुगीज अंमलाखालील गोव्यात विदेशी चैनीच्या वस्तू मुक्तपणे येत आणि त्यांपैकी काही सीमा ओलांडून भारतात पोहोचत. नंतरच्या काळात मुंबईच्या किनाऱ्यावरील चोरट्या व्यापारात सोने, घड्याळे व कापड यांच्या तुलनेत खाद्यपदार्थांचे स्थान गौण होते. तरी क्रॉफर्ड मार्केटमधील (महात्मा फुले मंडई) काही दुकानांत विदेशी चॉकलेटचे डबे चढ्या दराने मिळत. याहून व्यापक मार्ग होता तो प्रवाशांच्या सामानाचा. १९७३ नंतर तेलाच्या किमती वाढल्या व आखाती देशांत नोकऱ्यांसाठी भारतीयांची रीघ लागली. केरळप्रमाणेच रत्नागिरी, रायगड व मुंबई येथील हजारो कुटुंबांतील माणसे दुबई, कुवेत, सौदी अरेबिया येथे गेली. सुटीवर येताना नातलगांत वाटण्यासाठी चॉकलेटचा मोठा पुडा आणणे हा रिवाजच पडला. ही आवक सामानविषयक सवलतीत बसत असल्याने व्यापाराच्या आकडेवारीत ती कोठेच दिसत नाही. तथापि विदेशी चॉकलेटची चव कोकणातील खेड्यांपर्यंत पोहोचली ती या मार्गाने, आणि पुढे बाजार खुला झाला तेव्हा ग्राहक तयार होता, याचे श्रेयही बऱ्याच अंशी तिलाच द्यावे लागेल.

निर्बंधांचा शेवट : १९९१ च्या परकीय चलनाच्या संकटानंतर यंत्रे व कच्चा माल यांची आयात मोकळी झाली, उपभोग्य वस्तूंवरील बंधने मात्र तशीच ठेवण्यात आली. मधल्या काळात काही उपभोग्य वस्तू ‘विशेष आयात परवान्या’वर आणता येत. हे परवाने निर्यातदारांना बक्षिसादाखल मिळत व ते अधिमूल्याने विकले जात. व्यवहारतोलाच्या कारणास्तव ही संख्यात्मक बंधने चालू ठेवण्याचा भारताचा दावा जागतिक व्यापार संघटनेत अमेरिकेने आव्हानित केला. १९९९ मध्ये अपील मंडळाचा निर्णय भारताविरुद्ध गेला. त्यानुसार १ एप्रिल २००० रोजी ७१४ व १ एप्रिल २००१ रोजी उरलेल्या ७१५ वस्तूंवरील निर्बंध उठविण्यात आले. त्या वेळी वाणिज्य मंत्री मुरासोली मारन होते. स्वस्त विदेशी मालाचा पूर येईल व देशी कारखाने बुडतील, अशी भीती संसदेत व वृत्तपत्रांत व्यक्त झाली.

चॉकलेटपुरते पाहिल्यास तसा पूर आला नाही. परवान्याची भिंत गेली, तरी तिच्या जागी अनेक लहान कुंपणे उभी होती. आयातकर ३० टक्क्यांच्या आसपास राहिला. नोव्हेंबर २००० मधील अधिसूचनेनुसार वेष्टनावर आयातदाराचे नाव-पत्ता व कमाल किरकोळ किंमत छापणे आवश्यक झाले. बंदरात पोहोचताना खाद्यपदार्थाच्या टिकाऊपणाच्या मुदतीपैकी किमान ६० टक्के मुदत शिल्लक असली पाहिजे, असाही नियम आला. याच सुमारास शाकाहारी व मांसाहारी पदार्थांसाठी हिरव्या व तपकिरी ठिपक्याची खूण सक्तीची झाली. तिच्यामुळे जिलेटीन असलेल्या युरोपीय मऊ गोळ्यांना येथील मोठा ग्राहकवर्ग दुरावला. जुनी उष्णतेची अडचण तर होतीच. शीतपेट्यांतून आणलेला माल गोदामापासून दुकानापर्यंत थंड ठेवण्याची सोय मोठ्या शहरांबाहेर क्वचितच होती. परिणामी आयात चॉकलेट हे विमानतळ, मोठी दुकाने व दिवाळीच्या भेटी यांपुरते, म्हणजे किमतीच्या वरच्या थरातच, स्थिरावले. दिवाळीत मिठाईच्या पुड्याऐवजी चॉकलेटचा डबा देण्याची प्रथा वाढली, तिचा मुख्य लाभ मात्र देशात बनणाऱ्या मालास मिळाला.

आरोग्याच्या कारणास्तवही निर्बंध आले. चीनमधील दुधात मेलॅमीन आढळल्यानंतर सप्टेंबर २००८ मध्ये भारताने तेथील दूध व दुग्धपदार्थांवर बंदी घातली आणि वर्षअखेरीस दुधाचा अंश असलेली चॉकलेटे व मिठाई तिच्या कक्षेत आणली. ही बंदी पुढे वेळोवेळी वाढविण्यात आली. याहून किचकट वाद वनस्पतिजन्य स्निग्ध पदार्थांचा होता. यूरोपीय संघाने २००० मधील निर्देशान्वये चॉकलेटमध्ये कोको लोण्याव्यतिरिक्त ठरावीक वनस्पतिजन्य स्निग्ध पदार्थ ५ टक्क्यांपर्यंत वापरण्यास मान्यता दिली होती. भारतीय मानकात मात्र त्यांना मज्जाव होता. २००६ च्या अन्नसुरक्षा व मानके अधिनियमाची अंमलबजावणी २०११ पासून कडकपणे होऊ लागली, तेव्हा युरोपातून आलेला बराच माल बंदरांत अडकून पडला. गंमत अशी, की कोको लोण्यास पर्याय म्हणून वापरल्या जाणाऱ्या या स्निग्ध पदार्थांपैकी सालबियांचे तेल व कोकमाचे तेल हे भारतातच होतात आणि युरोपातील चॉकलेट उद्योगास निर्यातही होतात. म्हणजे कोकणातील कोकमबियांचे तेल ज्या चॉकलेटमध्ये चालत असे, ते चॉकलेट मुंबई बंदरात चालत नव्हते. पुढे मानकात दुरुस्ती होऊन ५ टक्क्यांची मर्यादा भारतातही स्वीकारण्यात आली.

आयातीतून पुरेशी मागणी सिद्ध झाली, की विदेशी कंपनीने येथेच कारखाना काढावयाचा, हा १९४८ नंतरचा क्रम या काळातही दिसून येतो. इटलीच्या फेरेरो कंपनीने प्रारंभी आपला माल आयात करून विकला आणि २०११ मध्ये पुणे जिल्ह्यात बारामती येथे कारखाना सुरू केला. तेथील काही माल निर्यातही होतो. नेस्लेचे उत्पादन गोव्यात फोंडा येथे १९९० नंतरच्या दशकातच सुरू झाले होते. फरक इतकाच, की पूर्वी परवाना मिळत नसल्याने कारखाने निघाले. आता कर, वाहतूक व थंड साखळीचा खर्च वाचविण्यासाठी ते निघतात.

कच्च्या मालाच्या आयातीचा कल मात्र सातत्याने चढता राहिला. आंध्र प्रदेशात नारळ व तेलताडाच्या बागांत कोकोचा प्रसार होऊन ते राज्य उत्पादनात अग्रेसर झाले, तरी देशाचे एकूण उत्पादन सु. ३० हजार टनांच्या आतबाहेरच राहिले व वाढत्या उद्योगास ते फार अपुरे पडू लागले. उरलेली गरज आफ्रिकेतील बिया आणि मलेशिया, इंडोनेशिया, सिंगापूर येथून येणारी भुकटी व लोणी यांनी भागविली जाते. २०१० पासून अमलात आलेल्या आसियान व्यापार कराराने या देशांच्या मालास जकातीत सवलत मिळाली. साखरेच्या गोळ्यांच्या बाबतीत आयातीचे महत्त्व कमीच आहे. तेथील जुन्या देशी कारखान्यांना धक्का बसला तो आयातीमुळे नव्हे, तर मोठ्या भांडवलाच्या अंतर्गत स्पर्धेमुळे : रावळगावच्या गोळ्यांची नाममुद्रा व कृतिहक्क २०२४ मध्ये रिलायन्स उद्योगसमूहाने २७ कोटी रुपयांस विकत घेतले.

अलीकडील घडामोडींमुळे तयार मालाच्या आयातीस अनुकूल वातावरण निर्माण झाले आहे. वस्तू व सेवा कराचा चॉकलेटवरील दर जुलै २०१७ मध्ये २८ टक्के होता. तो त्याच वर्षी नोव्हेंबरात १८ टक्के व २२ सप्टेंबर २०२५ पासून ५ टक्के करण्यात आला. स्वित्झर्लंड, नॉर्वे, आइसलँड व लिख्टेनश्टाइन यांच्याशी मार्च २०२४ मध्ये झालेला करार १ ऑक्टोबर २०२५ पासून लागू झाला असून त्यानुसार स्विस चॉकलेटवरील जकात टप्प्याटप्प्याने उतरावयाची आहे. जुलै २०२५ मध्ये ब्रिटनशी झालेल्या करारातही चॉकलेटचा अंतर्भाव आहे.

याच काळात कोकोच्या भावाने पुन्हा एकदा उसळी घेतली. घाना व आयव्हरी कोस्ट येथील प्रतिकूल हवामान आणि झाडांवरील रोग यांमुळे उत्पादन घटून डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात कोकोचा भाव टनास १२,००० डॉलरांवर गेला. आयात बियांवर अवलंबून असणाऱ्या भारतीय कारखान्यांनी वड्यांचे वजन घटविले वा किमती वाढविल्या. आंध्रमधील शेतकऱ्यास वाळलेल्या बियांचा किलोस सु. एक हजार रुपये इतका अभूतपूर्व भाव मिळाला आणि नव्या लागवडीस वेग आला. २०२५ च्या हंगामात हा भाव जवळजवळ निम्म्यावर उतरला. कंपन्या आयात बियांकडे वळून खरेदी टाळत असल्याची तक्रार करीत एलुरू भागातील उत्पादकांनी आंदोलन केले, तेव्हा राज्य शासनाने मध्यस्थी करून किलोमागे काही रक्कम स्वतः देण्याचे मान्य केले. त्या वर्षाच्या उत्तरार्धात जागतिक भाव आणखी खाली आले.